अठ्ठावीसात नदीचा वाटा किती?

पुण्याहून लग्न होऊन इंदुरात आलेल्या आमच्या भाचसुनेची गोष्ट घरात अजून सांगितली जाते. पहिल्याच आठवड्यात सासूबाई तिला म्हणाल्या, "उद्या नर्मदा यायची नाही, भांडी जरा बेतानेच काढ." हिने रात्रीच सगळी भांडी घासून पालथी घातली. तिला वाटले, नर्मदा म्हणजे कामवाली बाई.

अस्सल इंदूरकराला यात हसण्यासारखे काय ते चटकन कळत नाही. आमच्याकडे नर्मदा खरोखरच बाईसारखी येते. दिवसाआड, ठरल्या वेळी, तासभर. मधूनच न सांगता खाडा करते. घरात दोन नळ असतात, एक नर्मदेचा आणि एक बोरिंगचा. बोरिंगच्या पाण्यात तुरीची डाळ शिजता शिजत नाही, म्हणून कुकरला आणि माठाला नर्मदा, आणि बाकी सगळ्याला बोरिंग. अमरकंटकला उगम पावून १३१२ किलोमीटर वाहत भडोचजवळ खंबातच्या आखाताला मिळणारी नदी आमच्या लेखी अर्ध्या इंचाची तोटी आहे.

ही तोटी उघडते सत्तरेक किलोमीटरवर, खरगोन जिल्ह्यात मंडलेश्वरजवळच्या जलूदला. नदी खाली निमाडात, शहर वर माळव्याच्या पठारावर आणि मध्ये विंध्य. पंप हे पाणी पाचशे मीटरांहून अधिक वर चढवतात, वांचू पॉइंटला घाटमाथ्यावर आणतात आणि मग ते उताराने शहराकडे येते. यासाठी १९७० साली इंदूर रस्त्यावर उतरले होते. १९७८ मध्ये पहिल्या टप्प्याचे पाणी आले, पुढे आणखी दोन टप्पे झाले आणि आज तिन्ही मिळून योजनेची क्षमता दिवसाला सुमारे ५४ कोटी लिटर आहे. आमचे वडील त्या आंदोलनाच्या मोर्चांत होते आणि त्याचा त्यांना शेवटपर्यंत अभिमान होता. मलाही आहे. तेव्हा पुढचे लिहितो आहे ते 'नर्मदा आणायलाच नको होती' असे सुचवण्यासाठी नव्हे. तहानलेल्या शहराने पाणी मागितले, यात चूक काही नाही.

माझे म्हणणे एका तारखेपासून सुरू होते. नर्मदा पाणीतंटा लवादाचा निवाडा राजपत्रात प्रसिद्ध झाला १२ डिसेंबर १९७९ रोजी. त्यातच लिहून ठेवले आहे की पाणीवाटपाचा फेरविचार ४५ वर्षांनंतर करता येईल. डिसेंबर २०२४ मध्ये ती ४५ वर्षे भरली. म्हणजे ज्या वाटपाला आपण दगडावरची रेघ समजत आलो, ते आता उघडून पाहता येते. राज्याने आपल्या वाट्याचे पाणी मुदतीत वापरले नाही तर ते हातचे जाईल, ही धास्ती गेली कित्येक वर्षे मध्य प्रदेशातल्या भाषणांतून ऐकू येते. त्यामुळे फेरविचाराचा विषय निघालाच तर प्रत्येक राज्य काय बोलेल हे सांगायला ज्योतिषी नको. आमचे वाढवा, निदान कमी करू नका.

ते वाटप एकदा शांतपणे वाचून पाहावे. लवादाने धरले की चारांपैकी तीन वर्षे तरी भरवशाने मिळेल असे नर्मदेचे वापरण्याजोगे पाणी २ कोटी ८० लाख एकर-फूट आहे (एका एकरावर फूटभर उभे राहील तेवढे पाणी म्हणजे एक एकर-फूट). सरकारी भाषेत २८ दशलक्ष. त्यातले मध्य प्रदेशाला १८.२५, गुजरातला ९, राजस्थानला ०.५ आणि महाराष्ट्राला ०.२५. बेरीज करा. बरोबर २८ येते. पै न पैचा हिशोब. राजस्थानातून तर नर्मदा वाहतही नाही, तरी त्याला वाटा आहे, आणि वाळवंटातल्या माणसाला पाणी मिळाले याबद्दल माझी तक्रार नाही. पण पाचवा वाटेकरी शोधून सापडत नाही. जिचे पाणी आहे तिच्या नावावर काही नाही. मे २०१७ मध्ये मध्य प्रदेश विधानसभेने नर्मदेला जिवंत व्यक्ती मानण्याचा ठराव केला. जिवंत आहे, आई आहे, सातबाऱ्यावर मात्र नाव नाही. (आमच्याकडे सातबाऱ्याला खसरा म्हणतात, त्यातही नाही.)

नदीला पाणी कशाला, असे विचारणारे लोक मूर्ख नसतात. १९७० च्या दशकातल्या इंजिनिअरांच्या पिढीला समुद्राला मिळणारे पाणी वाया गेलेले वाटे, आणि दुष्काळ पाहिलेल्या माणसाला तसे वाटणे समजण्यासारखे आहे. फक्त नर्मदा ही हिमालयातून येणारी नदी नाही, हे त्या हिशोबात पुरेसे धरले गेले नाही. तिच्या डोक्यावर बर्फ नाही. वैशाखात तिच्यात जे वाहते ते पावसाळ्यात सालाच्या जंगलांत आणि सातपुडा-विंध्याच्या खडकांत मुरलेले, ४१ मोठ्या उपनद्यांनी हळूहळू आणून दिलेले पाणी असते. बरगी, इंदिरा सागर, ओंकारेश्वर, सरदार सरोवर अशी धरणे ओळीने बांधली की हे वाहणे थांबते आणि तलावांची एक उतरंड उरते. पाणी दिसते भरपूर. फोटोतही छान येते.

माशाला मात्र ते पटत नाही. नर्मदेचा महसीर, काठचे लोक त्याला बाडस म्हणतात, हा मध्य प्रदेशाचा राजमासा म्हणून २०११ मध्ये जाहीर झाला. त्याला अंडी घालायला खळाळते पाणी आणि गोट्यांचा तळ लागतो. साचलेल्या, गाळ बसलेल्या पाण्यात त्याचे वंश वाढत नाहीत. एकेकाळी होशंगाबादच्या बाजारात जो मासा रोजचा होता, तो आता हॅचरीत वाढवून नदीत सोडण्याचे प्रयोग चालू आहेत. राजमासा हा किताब त्याला मिळाला तोवर राज्य जवळजवळ गेलेलेच होते.

आणि धाराजी. देवास जिल्ह्यात ओंकारेश्वरच्या वर नर्मदा इथे खडकांवरून कोसळे, खालच्या कुंडात दगड घुसळून घुसळून गुळगुळीत बाणलिंगे तयार होत. महाराष्ट्रातल्या कितीतरी देवघरांत असलेले बाण इथलेच. ७ एप्रिल २००५ च्या रात्री अमावास्येच्या जत्रेला माणसे नदीपात्रात, खडकांवर झोपली होती. वर इंदिरा सागरातून पाणी सोडले गेले. साठेक माणसे वाहून गेली. पाऊस नव्हता, पूर नव्हता, उन्हाळा होता. नदी आता पावसाच्या नव्हे तर विजेच्या मागणीच्या वेळापत्रकाने चढते-उतरते हे काठच्या लोकांना तोवर कोणी नीट सांगितलेच नव्हते. पुढे तो धबधबाही ओंकारेश्वरच्या जलाशयात बुडाला.

सगळ्यांत खालच्या टोकाला भडोच. तिथे नदीचा रेटा कमी झाला की समुद्र आत येतो, इतके साधे आहे. सरदार सरोवराखाली बरीच वर्षे सेकंदाला ६०० घनफूट एवढीच धार सोडली जाई. पावसाळ्यात सागरातून गोड्या पाण्याचा माग काढत वर चढणारा हिलसा मासा आटला, किनाऱ्याच्या बाजूच्या विहिरी खारट झाल्या, आणि आता भरती अडवायला मुखाशीच भाडभूतला बंधारा घातला जातो आहे. अर्थात समुद्र येऊ नये म्हणून नदीचा शेवटचा दरवाजाही बंद. परिक्रमावासी विमलेश्वरहून मिठीतलाईला नावेतून पलीकडे जातात ते याच मुखातून. आमच्या कॉलनीतले निम्मे निवृत्त लोक परिक्रमा करून आले आहेत, आल्यावर तासन्‌तास अनुभव सांगतात, आणि ते ऐकायला मला आवडतात. पण नावेखालचे पाणी खारे होते की गोडे, हे एकाच्याही अनुभवात आलेले नाही.

माणसांचा हिशोब इथे दोन ओळींत उरकणे मला रुचत नाही, पण तो स्वतंत्र लेखाचा विषय आहे. सरदार सरोवरात मध्य प्रदेशातली १९२ गावे आणि एक शहर बाधित ठरले, महाराष्ट्रात मणिबेलीपासून सुरुवात होऊन ३३ गावे. इंदिरा सागरासाठी २००४ मध्ये हरसूद हे अख्खे नांदते गाव लोकांना आपल्याच हातांनी पाडायला लावले गेले. या सगळ्या लढाईत दोन्ही बाजूंनी पाणी माणसांमध्ये कसे वाटावे यावर वाद झाला. तो व्हायलाच हवा होता. नदीला स्वतःसाठी किती, हा प्रश्न त्या गदारोळात मागे पडला.

आपण मराठी माणसे या नदीचे जुने देणेकरी आहोत. बाजीरावाला 'नर्मदा ते चंबळ' हा मुलूख १७३८ मध्ये मिळाला आणि दोनच वर्षांत रावेरखेडीला याच नदीच्या काठी त्याने देह ठेवला. अहिल्याबाईंनी इंदूर सोडून महेश्वरला राजधानी नेली, ती नदीसाठीच म्हणायची. टेंबेस्वामींची समाधी गरुडेश्वरला, आज सरदार सरोवराच्या थोडी खाली. महेश्वरच्या समोरच्या काठावर नावडातोलीला पुण्याच्या डेक्कन कॉलेजने १९५० च्या दशकात उत्खनन केले तेव्हा साडेतीन हजार वर्षांपूर्वीच्या घरांत गहू, मसूर, मूग सापडले. म्हणजे जलूदपासून हाकेच्या अंतरावर तेव्हाही कोणाची तरी डाळ नर्मदेच्याच पाण्यावर शिजत होती. फरक इतकाच की डाळ शिजवणारी बाई घागर घेऊन नदीवर उतरत होती, आणि उतरताना नदी आज कशी आहे हे तिला दिसत होते. आम्हाला फक्त नळ आला की नाही एवढे दिसते.

आता माझ्यावरचा सगळ्यांत वजनदार आक्षेप मीच मांडतो. इंदूर असे पिते तरी किती? दिवसाला ५४ कोटी लिटर पूर्ण धरले तरी वर्षाचे सुमारे १ लाख ६० हजार एकर-फूट होतात. मध्य प्रदेशाच्या १८२ लाखांपुढे हे शेकडा एकसुद्धा नाही. मोठा वाटा शेतीचा आहे. मग इंदूरकराने दात घासताना तोटी बंद केली काय नि न केली काय! आकडा खरा आहे आणि मी तो नाकारत नाही. इंदूरने पाणी वाचवून नर्मदा वाचणार नाही.

पण इंदूरने एक वाट पाडून दिली. नदी विंध्यावर चढवता येते, वीज लागेल तितकी लावा, हे इंदूरने दाखवले. २०१४ मध्ये त्याच वाटेने सेकंदाला पाच घनमीटर नर्मदा क्षिप्रेच्या उगमाजवळ उज्जैनी गावी आणून ओतली गेली, आणि त्यामागोमाग गंभीर, कालीसिंध, पार्वती या माळव्यातल्या नद्यांच्या खोऱ्यांसाठी उपसा योजना आल्या. प्रत्येकीचा आकडा सुटा घेतला तर लहानच. शिवाय हे चढवणे किती महाग आहे हे आमच्या महापालिकेला ठाऊक आहे. फेब्रुवारी २०२३ मध्ये तिने २४४ कोटींचे हरित रोखे काढले ते जलूदला ६० मेगावॉटचा सौर प्रकल्प उभारून पंपांचे बिल कमी करण्यासाठी. रोख्यांना मागणी तडाखेबंद होती. चांगली गोष्ट आहे. सूर्यावर चालणारा पंपही नदीतूनच उपसतो, एवढे लक्षात ठेवावे.

आणि उपसलेले पाणी जाते कुठे? माझ्या मते इंदूरच्या लोकांनी नकाशावर बोट ठेवून एकदा पाहावी अशी ही गोष्ट आहे. आमच्या मोरीतून निघालेली नर्मदा कान्ह नदीत जाते. कान्ह उज्जैनजवळ क्षिप्रेला मिळते, क्षिप्रा चंबळेला, चंबळ यमुनेला, यमुना गंगेला. अरबी समुद्राला जाणारे पाणी आम्ही कुकर, अंघोळ आणि संडास यांच्या मार्गे बंगालच्या उपसागराकडे वळवले आहे. नर्मदेकाठी अशी श्रद्धा आहे की गंगा वर्षातून एकदा काळ्या गाईच्या रूपाने नर्मदेत न्हायला येते आणि गोरी होऊन जाते. आम्ही उलटी यात्रा सुरू केली. नर्मदा गोरी निघते आणि काळी होऊन गंगेला भेटते.

कान्हला आमच्या लहानपणी खान नदी म्हणत; खरे तर नालाच म्हणत. कृष्णपुऱ्याच्या छत्र्यांपाशी तिला सरस्वती मिळते. हो, सरस्वती, तीही नालाच. १९१८ मध्ये पॅट्रिक गेडिस या नगररचनाकाराने होळकर दरबाराला इंदूरचा जो आराखडा करून दिला त्यात या नद्या शहराचा कणा होत्या, त्यांच्या काठांनी बागा आणि फिरायच्या वाटा होत्या. त्याच गेडिसने प्लेगच्या दिवसांत दिवाळीची एक अचाट मिरवणूक काढली. जी गल्ली सर्वांत स्वच्छ, तिथून मिरवणूक जाणार. आणि शेवटी उंदीर-घाणीच्या राक्षसांचे दहन. शंभर वर्षांनी हे शहर देशात स्वच्छतेत पहिले आले, सलग येत राहिले, तेव्हा मला त्या म्हाताऱ्याची आठवण झाली. गल्ल्या त्याच्या सांगण्याप्रमाणे झाल्या. नद्यांचे राहून गेले. २०२१ मध्ये इंदूरला देशातले पहिले 'वॉटर प्लस' शहर ठरवले गेले, नाल्यांत थेट सोडलेली सांडपाण्याची हजारो तोंडे बंद केली गेली, हे मोठे काम आहे आणि ज्यांनी केले त्यांना श्रेय द्यायलाच हवे. तरी छत्र्यांच्या पुलावर उभे राहून एक दीर्घ श्वास घेऊन पाहावा.

जवळचे पाणी आपण कसे विसरलो याचा सर्वांत कडू दाखला २०२३ च्या रामनवमीचा. एका मंदिरात जुन्या बावडीवर स्लॅब टाकून जागा केलेली होती. हवन चालू असताना स्लॅब खचला आणि ३६ माणसे गेली. खाली विहीर आहे हे तिथे बसलेल्या कित्येकांना माहीतच नव्हते. नळाला नर्मदा आल्यावर शहरातल्या विहिरी आणि बावड्या हळूहळू झाकल्या गेल्या, बुजल्या, कुठे कचऱ्याने भरल्या. आमच्या आजोळच्या वाड्यातली विहीरही आम्हीच, म्हणजे आमच्या मामांनी, फरशी घालून बंद केली आणि त्यावर स्कूटर लावू लागले. कोणावर बोट दाखवायचे?

हे सगळे गेलेलेच आहे असे मात्र नाही. गंभीर नदीवर १९३९ साली होळकरांनी बांधलेला यशवंत सागर अजून पाणी देतो, काठी सारस दिसतात. तो आणि सिरपूर तलाव २०२२ मध्ये रामसर यादीत, म्हणजे महत्त्वाच्या पाणथळ जागांच्या आंतरराष्ट्रीय यादीत गेले. जानेवारी २०२५ मध्ये इंदूरला पाणथळ शहराचे आंतरराष्ट्रीय मानांकन मिळाले. प्रमाणपत्रे लावायला आता भिंत पुरत नाही. आणि याच वेळी नर्मदेच्या चौथ्या टप्प्याची तयारी चालू आहे.

चौथा टप्पा होईल. शहर वाढते आहे, त्याला पाणी लागेल, मी विरोध करून तो थांबणार नाही आणि थांबावा असेही मला वाटत नाही. पण तो मागण्याआधी इंदूरने दोन गोष्टी कबूल कराव्यात. नव्या टप्प्यात जितके पाणी आणाल तितके सांडपाणी शुद्ध करून बागा, बांधकामे आणि कारखान्यांना आधी द्या. बोरिंग आणि नर्मदा त्यांना नंतर. आणि प्रत्येक प्रभागातल्या विहिरी-बावड्या उघडून, उपसून, त्यांची नोंद पाणीपुरवठ्याच्या वहीत करा. नळाला त्यांचे पाणी देण्याचा हा आग्रह नाही; गाडी धुवायला तरी जलूदचे नको.

खरी मागणी मात्र महापालिकेच्या पातळीवरची नाही, आणि ती इंदूरने करावी असे मला वाटते कारण इंदूरच्या शब्दाला भोपाळात वजन आहे. निवाड्याचा फेरविचार झाला तर त्यात पहिला वाटा नदीचा काढावा, आणि राज्यांची नावे त्याच्या खाली यावीत. तोही बारा महिने सारखी एक धार असा नको. आषाढात मोठा, माघात लहान, नदी जशी चालते तसा, आणि अमरकंटकपासून भडोचपर्यंत. यासाठी नवे गणित मांडावे लागत नाही. निवाड्यातच सांगून ठेवले आहे की एखाद्या वर्षी पाणी २८ पेक्षा कमी किंवा जास्त झाले तर ती तूट-वाढ चार राज्यांनी ७३ : ३६ : २ : १ या प्रमाणात वाटून घ्यावी. नदीचा वाटा ही कायमची तूट समजा. उदाहरणादाखल दशांश बाजूला काढला, म्हणजे २८ लाख एकर-फूट, तर मध्य प्रदेशाचे सव्वाअठरा लाख जातील, गुजरातचे ९ लाख, राजस्थानचे ५० हजार, महाराष्ट्राचे २५ हजार. दशांश मी हिशोब कळावा म्हणून घेतला. खरा आकडा मासे, गाळ आणि भरती-ओहोटी यांचा अभ्यास असणाऱ्यांनी ठरवावा. सर्वांत जास्त मध्य प्रदेशाचे जाईल, हे मला दिसते आहे. म्हणूनच ही मागणी मध्य प्रदेशातून निघाली तर तिला अर्थ आहे. गुजरातने केली तर ती चाल ठरेल, महाराष्ट्राने केली तर फुकटचा सल्ला.

२ जुलै २०१७ ला नर्मदेच्या काठाने एका दिवसात साडेसहा कोटींच्या वर रोपे लावल्याचे सरकारने सांगितले होते. त्यातली किती जगली यावर पुढे बराच वाद झाला. रोप लावण्याचा समारंभ होतो, हार घालता येतो. पाणी नुसते सोडून देण्याचा समारंभ कसा करणार, हाच बहुधा माझ्या मागणीतला मोठा दोष आहे.

तूर्त समारंभ दुसरीकडे आहे. २०२८ च्या सिंहस्थासाठी कान्हचे पाणी क्षिप्रेत मिसळू नये म्हणून ९०० कोटींहून अधिक खर्च करून ते बोगद्यातून आणि बंद कालव्यातून उज्जैनच्या घाटांना वळसा घालून खाली नेण्याचे काम चालू आहे. तेव्हा रामघाटावर लोक डुबकी मारतील त्या पाण्यात बरीचशी नर्मदा असेल, उज्जैनीहून आलेली, स्वच्छ. आणि थोड्या अंतरावर, जमिनीखालून, कोणाला न दिसता दुसरी नर्मदा चाललेली असेल. ती आमच्या घरून आलेली.